टपाल्याच्या टोपीवरची माशी

डिंकाबाई वेळ हाताने मोजते. मनगटावर घड्याळ आहे, पण ते नणंदेने दिलेलं आणि सात मिनिटं पुढे असलेलं, त्यामुळे त्याच्यावर तिचा विश्वास नाही. तिचं माप म्हणजे कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतचा हात. तिचे हात मुळातच लांब; कुठल्याही शिंप्याने शिवलेली बाही तिला कधी पुरली नाही. सिनेमाची फिल्म एवढ्या लांबीची घेतली की तिच्यात चोवीस चित्रं बसतात आणि पडद्यावर ती एका सेकंदात निघून जातात. म्हणून एक हात म्हणजे एक सेकंद. हे गणित तिला एकोणिसाव्या वर्षी, नोकरीच्या पहिल्या आठवड्यात सापडलं. आज ती चौऱ्याहत्तर वर्षांची आहे आणि जग तिला अजून याच मापाने दिसतं. दूध उतू जायला किती वेळ लागतो? दोनशे हात. खालच्या मजल्यावरच्या वकिलांचं भाषण? "तीन हजार हात. त्यातले ठेवण्यासारखे चाळीस."

तिचं काम होतं फिल्म चिकटवण्याचं. तुटलेल्या फिल्मची दोन टोकं घ्यायची, पात्याने एकाचा पापुद्रा खरवडायचा, त्यावर ब्रशने चिकटद्रव लावायचा, दुसरं टोक बसवायचं, दाबायचं आणि दहा हात थांबायचं. त्या द्रवाला नखांचा रंग काढायच्या औषधासारखा वास येई. लग्न ठरलं तेव्हा सासूने तिला जवळ घेतलं आणि लगेच सोडलं. डिंकाबाई हे नाव कंपनीत पडलं, घरी आलं आणि टिकलं.

कंपनी टायरच्या गोदामाच्या वर होती. तीन खोल्या, एक मोरी आणि मालक. मालकाचा धंदा होता जुने मूकपट विकत घ्यायचे, त्यातही फक्त विनोदी, आणि नव्याने चित्रगृहांत लावायचे. "मेलेल्या नटासारखा गुणी नट नाही," मालक म्हणे. "वेळेवर येतो, तेच करतो आणि तक्रार करत नाही."

लावण्याआधी मालक चित्रपटावर तीन संस्कार करी. पहिला वेगाचा. हे मूकपट सेकंदाला सोळा चित्रं अशा चालीने काढलेले असत. चित्रगृहांतली नवी यंत्रं चोवीसने चालत. त्यामुळे माणसं कोंबड्यांसारखी धावत आणि दोन पिढ्यांचा असा समज झाला की आपले आजोबा-पणजोबा सतत घाईत असत. दुसरा संस्कार आवाजाचा. मालकाचा मेहुणा पडद्यामागून बोले. पुढे काय होणार ते तो आधी सांगे, झालं की काय झालं ते सांगे, आणि मग स्वतःच हसे. तिसरा संस्कार संगीताचा. त्याच्यावरूनच सगळं पुढचं घडलं.

मालकाकडे सगळ्यात चालणारा नट होता टपाल्या. हा उंच, गंभीर चेहऱ्याचा माणूस, दोन खांद्यांना दोन झोळ्या आणि डोक्यावर पोस्टमनची टोपी. चित्रपट कुठलाही असो, टपाल्याचं काम एकच. पत्र पोचवायचं आणि ते चुकीच्या माणसाला द्यायचं. 'सतरा दारं' हा त्याचा सर्वांत गाजलेला. त्यात एक पत्र घेऊन तो सोळा दारं ठोठावतो. कुठे कुत्रा मागे लागतो, कुठे त्याला जावई समजून ओवाळायला पुढे होतात, एका दारात दोन भांडणाऱ्या भावांमधला पंच म्हणून बसवतात आणि दोघेही त्यालाच बडवतात. सोळावं दार झाल्यावर तो रस्त्यात उभा राहून पाकिटावरचा पत्ता पहिल्यांदा नीट वाचतो. पत्ता त्याच्याच घराचा असतो. तो जातो, आपलंच दार ठोठावतो आणि कुणी उघडेल म्हणून वाट बघतो. मग पेन्सिल काढतो, पाकिटावर "घरी कोणी नाही" लिहितो, पत्र झोळीत टाकतो आणि निघून जातो. संपला.

डिंकाबाई तेव्हा तिशीची होती. संगीत वाजवायला सात जणांचा बँड बोलावला होता. शेवटी दार ठोठावताना ड्रमवाल्याने लाकडी ठोकळ्यावर तीन टोले द्यायचे असं ठरलं होतं. सगळं ठरल्याप्रमाणे झालं असतं, पण ड्रमवाल्याला बसायच्या जागी केसतूड झालं होतं. तो अर्धा बाजूला कलून, दात आवळून वाजवत होता आणि हळूहळू सगळा बँड त्याच्या दुखण्याच्या चालीने चालू लागला. बँडमास्तरला वाटलं, आज मुलं मनापासून वाजवताहेत. ध्वनिमुद्रण झालं, मंडळी महिनाभराच्या दौऱ्यावर निघून गेली. दुसऱ्या दिवशी डिंकाबाईने फिल्म आणि संगीत शेजारी लावून पाहिलं तर टपाल्याने दार ठोठावून झालं होतं, पत्र झोळीत गेलं होतं आणि टोले अजून यायचे होते.

"किती कमी पडतंय?" मालकाने विचारलं.

"नऊ हात."

"संगीत काप."

"कापलं तर लंगडेल. बहिऱ्यालाही कळेल."

"मग चित्र वाढव. असा एखादा तुकडा बघ ज्यात कुणी हलत नाही."

असा तुकडा सबंध चित्रपटात एकच होता. रस्त्यात उभं राहून टपाल्या पाकीट वाचतो तो. लांबी तीन हात. लॅबमधून त्याच तुकड्याच्या आणखी तीन प्रती काढून आणल्या आणि डिंकाबाईने त्या एकापुढे एक चिकटवल्या. टपाल्या तीन सेकंदांऐवजी बारा सेकंद उभा राहिला.

"आठ हात लाकूड आणि नऊ हात ढलपी म्हणतात," मालक ते बघून म्हणाला, "पण आपलं लाकूड तीनच हात निघालं."

शुक्रवारी पहिला खेळ लागला. डिंकाबाई तिसऱ्या रांगेत बसली होती. टपाल्याने पाकीट वाचलं आणि तो थांबला. मेहुण्याला या वाढीव जागेबद्दल कुणी सांगितलं नव्हतं. त्याच्याकडे बोलायला काही नव्हतं, म्हणून आयुष्यात पहिल्यांदा तो गप्प बसला. चित्रगृह शांत झालं. टपाल्याने पापणी मिचकावली. थांबला. परत मिचकावली. बारा सेकंदांनी टोले पडले, टपाल्याने स्वतःचं दार ठोठावलं आणि चित्रगृह फुटलं. माणसं खुर्च्यांच्या हातांवर आपटत होती. पुढच्या रांगेतल्या एका गृहस्थांना उचकी लागली ती बाहेर रस्त्यावर जाईपर्यंत ऐकू येत होती.

डिंकाबाई मात्र हसली नाही. तिला माशी दिसली होती.

टपाल्याच्या टोपीच्या कडेवर एक माशी बसली होती. डावीकडून ती चालत चालत मधल्या बिल्ल्यापर्यंत येई आणि एकदम उडी मारून पुन्हा डाव्या टोकाला जाई. पुन्हा बिल्ल्यापर्यंत. पुन्हा डावीकडे. चार तुकडे, चार माश्या. खरं म्हणजे एकच. टेबलावर चिकटवताना तिचं सगळं लक्ष पापणीवर होतं.

सोमवारी तिने मालकाला सांगितलं. मालक म्हणाला, "लोक टोपी बघायला येतात का? आणि ऐक, हे कुठे बोलायचं नाही. सगळा डिंक फिल्मला लावू नकोस, थोडा तोंडाला ठेव."

तिने ठेवला. 'सतरा दारं' वर्षानुवर्षं फिरत राहिला आणि ती जागा प्रसिद्ध झाली. तिला 'टपाल्याची थांब' असं नाव पडलं. नाटकवाले ती उचलू लागले. पुढारी भाषणात मध्येच थांबून श्रोत्यांकडे बघू लागले. मास्तर लोक वर्गात दाखले देऊ लागले, की बघा, थोर कलावंत किती धीराने उभा राहतो. टपाल्या तर मरून कितीतरी वर्षं झाली होती, आणि मूळ चित्रपटाची प्रत जगात कुठेच उरली नाही असं सगळे धरून चालले होते. मालक गेला, कंपनी बंद पडली, वरच्या तीन खोल्यांतही टायर रचले गेले. आता बोलायला हरकत नव्हती, पण तोवर कुणी विचारणारं राहिलं नव्हतं.

नवरा गेल्यावर डिंकाबाई आणि तिची मोठी नणंद अशा दोघी राहू लागल्या. नणंद टेलिफोन खात्यात ऑपरेटर होती. तीस वर्षं तिने लोकांचं बोलणं ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि निवृत्तीनंतर त्याची सगळी भरपाई केली. माशीची गोष्ट ठाऊक असलेलं जगातलं दुसरं माणूस ती. टीव्हीवर टपाल्या लागला की ती स्वयंपाकघरातल्या डिंकाबाईला हाक मारी, "वहिनी, ये गं, तुझी माशी चाललीय!"

"वन्सं, हळू. वकीलसाहेबांना ऐकू जाईल."

"जाऊ दे की. तू जन्माला घातलंस आणि बारसं त्या पोस्टमनचं. मी असते तर चौकात बोर्ड लावला असता."

 टपाल्या थांबला की डिंकाबाई ओला हात तसाच धरून दारात उभी राही आणि नणंद हसेपर्यंत आत जात नसे. वर्तमानपत्रात कधी त्या थांबेबद्दल काही आलं तर ते कापून ती डब्यात ठेवी. आपले नऊ हात लोकांना आवडतात, हे एवढं एकच कौतुक तिच्या वाट्याला आलं होतं, आणि तेही दुसऱ्याच्या नावावर.

मग ते पुस्तक आलं. 'थांबलेला माणूस: मूक विनोदातील मौन'. लिहिणारी बाई चित्रपटांवर डॉक्टरेट घेतलेली. नणंदेने वाचनालयातून आणलं आणि चष्मा लावून आरामखुर्चीत बसून मोठ्याने वाचलं.

"पान एकशे बारा. ऐक. 'या थांबेत टपाल्या चार वेळा पापणी मिचकावतो. पहिल्या मिचकावणीत शंका आहे. दुसरीत ओळख. तिसरीत नकार. आणि चौथीत शरणागती.'"

"काय?"

"शरणागती. अजून आहे. 'चारही मिचकावण्या वरवर सारख्या दिसल्या, तरी सूक्ष्म निरीक्षकाला त्यांतला फरक जाणवल्याशिवाय राहत नाही.' वहिनी, फरक आहे?"

"एकाच निगेटिव्हवरून काढल्यात."

"मग तू सूक्ष्म निरीक्षक नाहीस." नणंदेने पान उलटलं. "सहा पानं आहेत. एवढं तर तुझ्या लग्नातही कुणी तुझ्याबद्दल बोललं नव्हतं."

वर्षभराने त्याच डॉक्टरीणबाईंचा फोन आला. आता त्या चित्रपट-संग्रहालयात होत्या आणि टपाल्याचे चित्रपट नव्याने, नीट करून प्रदर्शित करायचं काम त्यांच्याकडे होतं. जुने सांधे ओळखणारं कुणी हवं होतं आणि कुणीतरी डिंकाबाईचं नाव सुचवलं होतं.

संग्रहालय एका जुन्या बर्फाच्या कारखान्यात होतं. भिंती दोन फूट जाड, आत भर दुपारी स्वेटर लागे. डॉक्टरीणबाई चाळिशीच्या, काटेकोर, पांढरे हातमोजे घातलेल्या. त्यांनी पहिल्यांदाच "आजी" म्हटलं तेव्हा डिंकाबाई म्हणाली, "आजी घरी. इथं मी कामाला आलेय." त्यानंतर त्या "बाई" म्हणू लागल्या.

टेबलावर एक गंजका डबा होता. "हा एका शाळेच्या प्रयोगशाळेत सापडला. बेडकांच्या बरण्यांमागे," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. त्यांनी झाकण काढलं. "'सतरा दारं'ची मूळ प्रत. तुमच्या कंपनीने हात लावायच्या आधीची. फक्त एक घोटाळा आहे. हिच्यात थांब नाही."

डिंकाबाईने डबा जवळ ओढला.

"म्हणजे तेवढा भाग तुटून गेला असणार. तसं असेल तर तुमच्या कंपनीच्या प्रतीतून तो घेऊन इथे बसवता येईल. तुम्ही एकदा बघून सांगा, तुटलंय ना?"

फिल्म डिंकाबाईच्या हातात आली. "हो" म्हणायला अर्धा हातसुद्धा लागला नसता. नऊ हात जिथल्या तिथे राहिले असते, पुढची शंभर वर्षं. कुणाचंही नुकसान नव्हतं. पण तिची बोटं आधीच कडेवरून सरकत होती. टपाल्या पाकीट वाचतो तिथून दार ठोठावतो तिथपर्यंत बोटं गेली, परत आली, आणि पंचावन्न वर्षांच्या सवयीने तोंडून निघून गेलं, "इथं सांधा नाही. काही गेलेलं नाही. अख्खी आहे."

"नक्की?"

"माझी बोटं खोटं बोलत नाहीत." मग तिला वाटलं, बोटांनी थोडं खोटं बोलायला शिकायला हवं होतं.

डॉक्टरीणबाई खुर्चीत बसल्या. "म्हणजे ती थांब मागाहून घातलीय? कुणी? कुठल्या कसायाने हे केलं असेल? एवढ्या मोठ्या कलाकृतीचं असं विद्रूपीकरण..."

"मी," डिंकाबाई म्हणाली. "केसतूड झालं होतं म्हणून."

"तुम्हाला?"

"ड्रमवाल्याला."

यालाच हात दाखवून अवलक्षण म्हणतात. तिने सगळं सांगितलं. डॉक्टरीणबाईंचा विश्वास बसेना, तेव्हा कंपनीची प्रत दुसऱ्या टेबलावर चढवून तिने दांडा हळूहळू फिरवला. "पापणी नका बघू. टोपी बघा. ही चालली. आली बिल्ल्यापर्यंत. आणि आता?"

माशी टुणकन डाव्या टोकाला गेली.

"अजून एकदा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. माशी पुन्हा गेली. पुन्हा आली. बराच वेळ त्या काचेला नाक लावून बसल्या. मग हळूच म्हणाल्या, "मक्षिकास्थाने मक्षिका. आणि मी त्याच्यावर सहा पानं लिहिली."

"शरणागतीचं चांगलं होतं," डिंकाबाई म्हणाली. तिला धीर द्यायचा होता. तो तसा पोचला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी फोन आला. डॉक्टरीणबाईंचा सूर बदलला होता. "मी विचार केला. ती थांब आता लोकांची झालीय. परंपरेचा भाग आहे. राहू द्यावी. दुसऱ्या एका जुन्या प्रतीतून घेतली, असं लिहू. फक्त तुम्ही त्या... कीटकाबद्दल कुठे बोलू नका."

नणंद दुसऱ्या खोलीत असूनही सगळं ऐकत होती, सवय जुनी. तिने तिथूनच ओरडून सांगितलं, "नाही म्हण!"

"राहू द्यायची तर कुणी केली तेही लिहा," डिंकाबाई फोनवर म्हणाली. "चाळीस वर्षं तोंडाला डिंक लावून बसलेय मी. आता परत नाही लावणार."

"ते कसं लिहिणार? मग माझं पुस्तक..."

"आणि माझे नऊ हात?"

पलीकडून पुस्तकाची पानं चाळल्याचा आवाज आला. सुमारे सहा हात. मग डिंकाबाई म्हणाली, "तुम्ही म्हणता लोकांची झालीय. मग लोकांना दाखवा. एक खेळ थांब ठेवून, एक काढून. लोक कुठे हसतात ते बघू. लोकांना हवी असेल तर ती राहील, आणि शेजारी माझं नाव राहील. नको असेल तर मी स्वतः कापते."

संग्रहालयाच्या छोट्या थिएटरात रविवारी सकाळी दोन खेळ ठेवले. आसपासच्या वस्तीतली माणसं बोलावली. केशकर्तनालयवाला, दोन नर्सा, शाळेतल्या बाई, कुणाचे सासरे, कुणाचे व्याही. डिंकाबाई पडद्याकडे पाठ करून, भिंतीलगतच्या स्टुलावर बसली. तिला चित्रपट बघायचा नव्हता. चेहरे बघायचे होते आणि हसू मोजायचं होतं.

पहिल्या खेळाला थांब होती, प्रतीवर मागाहून भरलेल्या मेहुण्याच्या आवाजासकट. सगळं नेहमीसारखं झालं. टपाल्या थांबला, माणसं गप्प झाली, टोले पडले आणि थिएटर कोसळलं. डिंकाबाईने मोजलं: चौदा हात. तिने नणंदेकडे पाहिलं तर नणंद ओढणीने डोळे पुसत होती. डॉक्टरीणबाईंनी दारातून 'छान' म्हणून अंगठा उंचावला. चौदा हात हसू म्हणजे थोडंथोडकं नव्हे. दिवे लागले तेव्हाही माणसं हसतच होती.

दुसऱ्या खेळाला वेगळी माणसं आत आली. नणंद मात्र जागची हलली नाही. ही मूळ प्रत, मेहुण्याशिवाय, आणि सोळाच्या चालीने. गेल्या पन्नास वर्षांत टपाल्याला या चालीने कुणी चालवलं नव्हतं. पाठ करून बसलेल्या डिंकाबाईच्या लक्षात आलं की काहीतरी निराळं होतंय. हसू तुटक येत नव्हतं. ते गुडघाभर पाण्यासारखं सतत होतं. शेवटी तिला राहवेना आणि सतराव्या दाराच्या आधी ती वळून बसली.

टपाल्या माणसासारखा चालत होता. तो थकला होता, आणि हे तिला पहिल्यांदाच दिसलं. तो रस्त्यात उभा राहिला, त्याने पाकीट वाचलं. डिंकाबाईचा हात आपोआप मोजू लागला. एक, दोन, तीन. आणि तुकडा संपला नाही. चार. साडेचार. तेव्हा कुठे त्याने पाऊल उचललं.

तीन हातांचा तुकडा पडद्यावर साडेचार हात चालला होता. त्याची थांब त्याने स्वतःच ठेवली होती, हवी तेवढी. मालकाने ती पळवून तीनवर आणली आणि डिंकाबाईने ओढून बारावर नेली. त्याला विचारायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही.

टपाल्याने आपलं दार ठोठावलं. लोक हसले. तिने मोजलं: पाच हात. चौदापुढे पाच, म्हणजे काहीच नाही. डॉक्टरीणबाईंनी तिकडून समाधानाने मान हलवली. पण पाच हातांवर हसू थांबलं ते पुढे बघायला. टपाल्या वाट बघत होता, लोकही वाट बघत होते. कुणी दार उघडलं नाही. त्याने पेन्सिल काढली, जिभेला लावली आणि पाकिटावर "घरी कोणी नाही" लिहिलं.

आणि मग जे हसू आलं ते मोजता आलं नाही, कारण डिंकाबाई स्वतः हसत होती. केशकर्तनालयवाल्याचे दोन्ही पाय वर गेले होते. नर्सा एकमेकींच्या अंगावर पडल्या होत्या. कुणाचे तरी सासरे उभे राहून "घरी कोणी नाही! घरी कोणी नाही!" असं आपल्या व्याह्यांना सांगत होते, जणू व्याही तिथे नव्हतेच.

दिवे लागल्यावर नणंदेने तिचा दंड धरला. "वहिनी, तो पाकिटावर काहीतरी लिहितो ते मी आज पाहिलं!"

"चाळीस वर्षं बघतेस की."

"कुठे बघतेय! दार ठोठावलं की मी डोळे पुसायला लागते. डोळे पुसून वर बघते तर संपलेलं असतं."

डिंकाबाईने पहिल्या खेळातले चेहरे आठवले. चौदा हात हसू. त्यात माना खाली, डोळे मिटलेले, ओढण्या आणि रुमाल तोंडावर. पेन्सिल निघाली तेव्हा पडद्याकडे बघणारं एकही माणूस नव्हतं. तिच्या नऊ हातांनी एक हसू वाढवलं होतं आणि त्याच्या ओझ्याखाली दुसरं मारलं होतं. मेलेलं हसू मोठं होतं.

ती उठून डॉक्टरीणबाईंकडे गेली. "कापा."

"काय? अहो, चौदा विरुद्ध पाच! तुम्हीच मोजलंत ना? मी तर ठरवलंय, थांब ठेवायची. तुमचं नावही घालू, हवं तर मोठ्या अक्षरात. पुस्तकाचं मी बघून घेईन."

"मोठ्या अक्षरात कशाला? चूक मोठी होती म्हणून? तो विनोद करत होता आणि मी मध्ये उभी होते. चाळीस वर्षं. कापा ते."

"लोकांना आवडते ती."

"लोकांना पुढचं ठाऊक नव्हतं. मलाही नव्हतं. मी सांधा बघत बसले होते."

आता कापायचं म्हणजे कात्री नव्हतीच. डॉक्टरीणबाईंनी तिला संगणकापुढे बसवलं. नव्या प्रदर्शनासाठी थांब घालून तयार केलेली प्रत पडद्यावर होती. त्यांनी नऊ सेकंदांभोवती एक निळी चौकट काढली, एक बटण दाखवलं आणि तोंड फिरवलं. डिंकाबाईने बटण दाबलं. चौकट नाहीशी झाली, दोन टोकं आपोआप जुळली. खरवडणं नाही, वास नाही, थांबणं नाही.

"झालं?" तिने विचारलं.

"झालं."

"असं असतं तर मी पंचावन्न वर्षं काय केलं असतं?"

चित्रपट पावसाळ्यानंतर लागला, सोळाच्या चालीने. सुरुवातीच्या पाटीवर ज्यांनी मदत केली त्यांची नावं होती आणि शेवटून दुसरी ओळ तिची. 'जुनी वाढीव जोडणी काढली' याबद्दल. नणंदेचं म्हणणं पडलं की आयुष्यभर जोडलं, आणि नाव आलं ते तोडल्याबद्दल. तरी ती पाटी बघायला तिने वकीलसाहेबांना सहकुटुंब नेलं.

थोड्या दिवसांनी डॉक्टरीणबाई घरी आल्या. त्यांच्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघत होती. हातात ती सहा पानं होती, कडेला लाल पेन्सिलीच्या रेघा मारलेली. त्यांनी ती टेबलावर चहाच्या कपाशेजारी ठेवली.

"सगळी टाकून देऊ?" त्यांनी विचारलं.

डिंकाबाईने पानं ओढून घेतली, आणि फिल्म चाचपावी तशी कडेवरून बोटं फिरवली. "मिचकावण्या चार, पानं सहा. म्हणजे एकीला दीड पान. एक मिचकावणी त्याची खरी आहे. दीड पान ठेवा."

"आणि बाकीची साडेचार?"

"ती माझ्यावर लिहिलीत तुम्ही. ती मला द्या."

"पण ठेवायची कुठली?" डॉक्टरीणबाईंनी पेन्सिल उचलली. "शंका, ओळख, नकार की शरणागती?"

डिंकाबाईने नीट विचार केला. साधारण साडेचार हात.

"तो दमला होता हो," ती म्हणाली. "तेवढं लिहा."